कॅप्टनवरची हरकत

माझा भाऊ मालाकी खोटं बोलू शकत नाही, हा त्याचा फार मोठा गुण आहे असं सगळे म्हणतात. सगळ्यांना त्याच्याबरोबर एका घरात राहावं लागलेलं नाही. सात वर्षांचा असताना त्याने गावात आलेल्या बिशपना सांगितलं होतं की तुमचं प्रवचन चालू असताना आमचे फादर घोरत होते. पुढे तो सैन्यात गेला, कॅप्टन झाला, आणि ही खोड जायच्या ऐवजी तिला पितळी बटणं लागली.

मी डेलिया टूही. किलाव्हॉरचं पोस्ट आणि पोस्टाला चिकटलेलं दुकान माझं. लग्न केलं नाही, कारण विचारायला आले ते सगळे शेजारच्या बॅलीक्रॉनचे. बॅलीक्रॉनचं आणि आमचं हर्लिंगवरून, म्हणजे आयर्लंडच्या काठी-चेंडूच्या खेळावरून, वाकडं आहे. का, ते विचारू नका. एकोणीसशे अकरा साली काठीने कुणीतरी कुणाचा तरी दात पाडला, एवढं नक्की. दात कुठल्या गावाचा, यावर अजून दोन मतं आहेत.

मालाकी सतरा वर्षं किलाव्हॉरकडून खेळला. सैन्याने त्याला देशाच्या ज्या टोकाला नेऊन टाकलं, तिथून तो रविवारी यायचाच. कधी सायकलने, कधी मालगाडीने, एकदा तर शवपेटी नेणाऱ्या मोटारीत पुढे बसून, काठी मांडीवर आडवी ठेवून. त्या सतरा वर्षांत किलाव्हॉरने जिल्ह्याचं अजिंक्यपद एकदाही मिळवलं नाही. आणि साठ सालच्या नोव्हेंबरात त्याची तुकडी शांतिसेनेत काँगोला निघायची होती. वय पस्तीस. म्हणजे पदक ह्या हंगामात, नाही तर कधीच नाही. तो बोलून दाखवत नसे, पण मी बहीण आहे त्याची. खिडकीच्या फळीवरची माझी कुंडी हलवून त्याने तिथे वीतभर जागा रिकामी करून ठेवली होती. मी विचारलं, "इथे काय ठेवणार आहेस?" तर म्हणाला, "काही नाही, उजेड येतो." हे त्याचं खोटं बोलण्याच्या सगळ्यात जवळचं बोलणं.

जायच्या आधी त्याला मोठी सुट्टी मिळाली, तेव्हा त्याने संघाला कवायत लावली. सकाळी सहाला हजेरी. पोरं म्हणाली, "अहो कॅप्टन, सहापर्यंत आमच्या गाई दोहून होतात, इतक्या उशिरा कसं जमायचं?" मग हजेरी पाचला आली. चर्चच्या रस्त्यावर चार-चारच्या रांगा, काठ्या खांद्यावर. एकदा शेजाऱ्यांची गाय त्या रांगेत शिरली आणि पूल येईपर्यंत चालली. तिचं पाऊल डाव्या फळीपेक्षा बरं पडत होतं, असं मालाकीनेच सगळ्यांसमोर सांगितलं. डाव्या फळीतल्या पोरांनी आठवडाभर त्याच्याशी अबोला धरला.

पण उपयोग झाला. सप्टेंबरात उपांत्य सामन्यात आम्ही बॅलीक्रॉनला दोन गुणांनी हरवलं. त्या संध्याकाळी मी पोस्ट बंद असतानाही तीन तारा फुकट पाठवल्या.

मंगळवारी सकाळी बार्टली हॅकेट दुकानात आला.

हा बॅलीक्रॉन संघाचा चिटणीस. विधुर, उंचीने लहान, नोंदवहीने मोठा. वर हा दक्षता समितीचा सभासद. आमच्या संघटनेचा नियम असा, की हर्लिंगवाल्याने रग्बी, क्रिकेट असले विलायती खेळ खेळायचे नाहीत आणि बघायचेही नाहीत. बघितले की निलंबन. आता कोण बघतं हे बघायला कुणीतरी जाऊन बघावं लागतंच. त्यासाठी दक्षता समिती. समितीच्या माणसाला बघायची मुभा असते, म्हणून त्या समितीत शिरायला नेहमी झुंबड असते.

"तीन कागद द्या, मिस टूही," हॅकेट म्हणाला. "स्वदेशी."

स्वदेशी कागद माणूस एकाच कामासाठी मागतो. जिल्हा मंडळाकडे हरकत घ्यायची तर ती आयर्लंडमध्ये बनलेल्या कागदावरच लिहावी लागते, आणि उजेडात धरला की त्या कागदात कारखान्याचा छाप दिसावा लागतो. या नियमापायी भल्याभल्या पक्क्या हरकती केराच्या टोपलीत गेल्या आहेत.

"कुणावर?" मी विचारलं.

"तुमच्या भावावर. फेब्रुवारीत डब्लिनला रग्बीच्या सामन्यात मैदानाच्या कडेला उभे होते. गणवेशात. पहिल्यापासून शेवटपर्यंत. माझ्याकडे वेळेसकट नोंद आहे."

"अहो, त्याला हुकूम होता! परदेशचा कुणी पाहुणा होता, त्याच्या बंदोबस्ताला तुकडी दिली होती."

"नियमात हुकूम हा शब्द नाही."

"आणि सात महिने काय अंडी उबवत होता?"

"जिंकलो असतो तर उबवतच राहिलो असतो," हॅकेट म्हणाला. निदान हे तरी त्याने सरळ सांगितलं.

माझ्या फळीवर दोन गठ्ठे होते. एक स्वदेशी. दुसरा विलायती, कारण गावातल्या पोरी प्रेमपत्रांना तोच मागतात, त्यावर शाई पसरत नाही. दिसायला दोन्ही सारखे. सांगते, माझा हात विलायती गठ्ठ्यावर गेला. नुसता गेला नाही, वरचे तीन कागद उचललेसुद्धा. मालाकीच्या सतरा वर्षांच्या रविवारांची आठवण झाली, ती वीतभर जागा आठवली. पण आमच्या घराण्यालाच ही कीड आहे. मी कागद खाली ठेवले, स्वदेशी गठ्ठ्यातले तीन काढले आणि हॅकेटच्या पुढ्यात आपटले.

त्याने एकेक उजेडात धरून पाहिला. मग माझ्याकडे पाहिलं. मी दात खात होते, ते त्याला बहुतेक हसण्यासारखं दिसलं.

"नको," तो म्हणाला. "राहू द्या."

"का? छाप दिसत नाही का?"

"छाप स्पष्ट दिसतोय. फारच स्पष्ट. भावाच्या गळ्याचा दोर बहीण इतक्या सहज हातात देत नसते, मिस टूही. यात काहीतरी काळंबेरं आहे."

आणि तो सायकलवर बसून एकोणीस मैलांवरच्या शहरात गेला. तिथल्या मोठ्या दुकानात त्याने सांगितलं, "तुमच्याकडचा सगळ्यात उत्तम कागद द्या." त्यांनी दिला, आणि मोठ्या दुकानावर विसंबून त्याने तो उजेडात धरलाच नाही. अति शहाणा त्याचा बैल रिकामा, हे त्याच्या आईने त्याला वेळेवर शिकवायला हवं होतं.

शनिवारी संध्याकाळी सात वाजता मंडळाची बैठक आमच्याच शाळेत भरली, कारण जिल्ह्याच्या मध्यावर आम्ही येतो. अध्यक्ष म्हातारे कॅनन क्वर्क, चर्चमधले मोठ्या मानाचे पाद्री. चहा आणि हॅम सँडविच माझ्याकडे होते, म्हणून मला खोलीत प्रवेश. मालाकी गणवेशात आला होता, टोपी काखेत. आमच्या माणसांनी त्याला बजावून ठेवलं होतं, "कॅप्टन, विचारतील तेवढंच सांगायचं. तुम्ही कामावर होतात. गर्दीकडे तोंड होतं. मैदानाकडे पाठ होती. बस्स." मालाकी म्हणाला, "हे खरंच आहे." तेव्हा सगळ्यांना हायसं वाटलं.

कॅनननी हरकतीचा कागद घेतला, चष्मा पुसला आणि सवयीप्रमाणे कागद दिव्यासमोर धरला. बराच वेळ धरला.

"बार्टली," ते म्हणाले, "ह्यात मला सिंह दिसतोय."

"काय फादर?"

"सिंह. बसलेला. डोक्यावर मुकुट आहे त्याच्या."

हॅकेट उठला, कागदाखाली वाकून त्याने वर पाहिलं आणि त्याचं तोंड कागदापेक्षा पांढरं झालं. मग आमच्या बाजूने असा काही आरडाओरडा सुरू झाला, की शेजारच्या कोंबड्या जाग्या झाल्या. कुणी हॅकेटला विचारलं, "राणीला सही करायला जागा सोडलीस का रे?" कुणी म्हणालं, "सिंहाला पाणी पाजा!" मी स्वतः किटली हातात धरून नाचले. ते मी नाकारत नाही.

"ही हरकत दाखल होऊ शकत नाही," कॅनन म्हणाले. "म्हणजेच मंडळापुढे हरकत नाही. कॅप्टन टूही अंतिम सामन्यात खेळतील. डेलिया, चहा आण."

मी दोन पावलं टाकली असतील नसतील, तेवढ्यात मालाकी उभा राहिला.

मी किटली खाली ठेवली. तो कसा उभा राहतो यावरून मला कळतं. बिशपसमोर असाच उभा राहिला होता.

"फादर, मला सांगायचं आहे," तो म्हणाला.

"काही सांगायचं नाहीये तुला!" मी ओरडले. आमच्या गोलरक्षकाने त्याचा कोट मागून ओढला. बटण तुटलं, मालाकी बसला नाही.

"मी मैदानाकडे पाठ करून उभा होतो हे खरं. पण पूर्ण वेळ नाही. शेवटी लोक एकदम उठले, ओरडायला लागले, तेव्हा मी वळलो. एकाने चेंडू घेऊन निम्मं मैदान कापलं होतं. तो पडेपर्यंत मी बघत राहिलो. त्याचा हुकूम मला नव्हता. ते मी माझ्या मनाने बघितलं."

"किती वेळ?" कॅनन हळूच म्हणाले.

"पंधरा सेकंद, फादर. वीस धरा."

"अरे, पण विचारलंय कुणी तुला!" मी म्हणाले. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. सुटला होता माणूस! इंग्लंडच्या सिंहाने आयुष्यात पहिल्यांदा एका आयरिश माणसाचं भलं केलं होतं, आणि आमचा शहाणा ते परत करायला निघाला होता.

"सिंहामुळे सुटलो असं पदकाकडे बघताना दर वेळी आठवलं असतं," मालाकी म्हणाला आणि टोपी काखेत ठेवून तसाच उभा राहिला.

कॅनननी घड्याळ काढलं. "बार्टली, हरकत घ्यायची मुदत आज नऊपर्यंत आहे. आता साडेआठ झालेत. नव्याने लिहायची असेल तर कबुली तुझ्या कानावर पडलेलीच आहे. फक्त कागद पाहिजे."

सगळ्यांच्या माना माझ्याकडे वळल्या. दुकान रस्त्याच्या पलीकडे होतं आणि किल्ली माझ्या खिशात.

हॅकेट माझ्यापुढे येऊन उभा राहिला. "मिस टूही, दुकान उघडाल?"

मला त्याच्या डोक्यात किटली घालावीशी वाटली. मला मालाकीच्या डोक्यातही घालावीशी वाटली. पण त्या गणवेशातल्या मूर्खाकडे एकदा बघितलं, खिशातून किल्ली काढली आणि म्हणाले, "उघडते. तीनच ना?"

"ते मंगळवारचेच द्याल?"

"तेच. खरे होते ते."

हॅकेटने खाली बघितलं. "ते मला तेव्हाच कळायला हवं होतं." मग तो मालाकीकडे वळला आणि एकदम भडकला. "काय माणूस आहात हो तुम्ही! सतरा वर्षं दर उन्हाळ्यात माझ्या पोरांची बोटं सुजवता. मी तुम्हाला खाली पाडायला सायकलवर अडतीस मैल मारले. आणि तुम्ही आपणहून आडवे होता! आता ढकलण्यात काय राम राहिला? बसा खाली. चहा गार होतोय."

"पण नियम..." मालाकी म्हणाला.

"बसा म्हणतोय ना! आणि तो गडी निम्मं मैदान कापत आला तेव्हा मी बाकावर चढून टोपी उडवली होती. मुभा बघायची असते, टोपी उडवायची नसते. लिहा, काय लिहायचं ते."

"हे मी ऐकलं नाही," कॅनन म्हणाले. "मला डाव्या कानाने कमी ऐकू येतं." हॅकेट त्यांच्या उजव्या बाजूला उभा होता. सँडविच मात्र त्या दिवशी एकही उरलं नाही.

ऑक्टोबरातल्या पहिल्या रविवारी डनरोवविरुद्ध अंतिम सामना. मी नेहमी गोलच्या मागे उभी राहते, कारण बाजूला उभी राहिले की माझी भांडणं होतात. शेजारी बघते तर हॅकेट. म्हणाला, "इथून नीट दिसतं." मी म्हटलं, "नोंदवही कुठे आहे?" म्हणाला, "घरी."

मालाकी त्या दिवशी पस्तिशीचा वाटलाच नाही. पण डनरोवची पोरंही कमी नव्हती. शेवटच्या मिनिटाला आम्ही दोन गुणांनी मागे. गोलच्या आडव्या दांड्यावरून चेंडू मारला तर एकच गुण, त्याने भागणार नव्हतं. दांड्याखालून गोल झाला तर तीन आणि पदक आमचं. मालाकीने चेंडू हवेत पकडला, दोघांना खांद्याने उडवलं, आणि तिघं अंगावर येत असताना पडता पडता काठी फिरवली.

चेंडू रेषेच्या आत गेला. माझ्या नाकासमोर गेला. चांगला वीतभर आत. मग डनरोवच्या गोलरक्षकाने झेप घालून तो काठीने बाहेर ओढला. सगळं डोळ्याची पापणी लवते न लवते एवढ्यात.

गोलपाशी उभ्या, पांढऱ्या कोटातल्या एका पंचाचा हात गोलच्या निशाणाकडे गेला, दुसरा मान हलवायला लागला. पुढे माणसांचा ढीग, दोघांनाही धड दिसलं नव्हतं. मुख्य पंच धावत आले. पंधरा डनरोववाले एकदम बोलत होते, चौदा किलाव्हॉरवाले एकदम बोलत होते. तेव्हा डनरोवचा कर्णधार, आडदांड लोहार, पुढे झाला. म्हणाला, "भांडता कशाला? त्यालाच विचारा. शाळेत काय झालं ते अख्ख्या जिल्ह्याला माहीत आहे. टूही आत म्हणाला तर आत. आम्ही चकार शब्द काढणार नाही."

मालाकी माणसांच्या ढिगाखालून निघाला. तोंडात चिखल होता, तो थुंकला.

"कॅप्टन," पंच म्हणाले, "आत गेला का?"

एक शब्द. एवढंच पाहिजे होतं, आणि तो शब्द खराही होता. मी गोलच्या मागून बेंबीच्या देठापासून ओरडत होते, "आत होता! आत होता!"

"मला दिसलं नाही," मालाकी म्हणाला.

"अहो, पण तुम्हाला काय वाटतं?"

"वाटण्यावर गोल देतात का?"

"मी बघितलाय!" मी किंचाळले. "वीतभर आत!"

"बाई, तुम्ही कोण?" पंचांनी विचारलं.

"बहीण त्याची!"

लोक हसले. पंचांनी डोकं हलवलं, गोल नाही अशी खूण केली आणि शिटी वाजवली. डनरोव जिंकलं. मी तिथेच गवतावर बसून रडले, आणि मला लाज वाटली नाही.

गावाने काय काय ऐकवलं ते सांगत नाही. फादरनी वेदीवरून त्याच्यासाठी प्रार्थना सांगितली, तेव्हाही मागच्या बाकावर कुणीतरी खोकलं. मालाकी कुणाला उलट बोलला नाही. फक्त जेवण कमी झालं त्याचं, आणि एका सकाळी बघते तर माझी कुंडी त्याने खिडकीत जागेवर आणून ठेवलेली.

नोव्हेंबरात मी त्याला पोचवायला स्टेशनवर गेले. सैन्याने त्याला आफ्रिकेसाठी जाड लोकरीचा गणवेश दिला होता. मी म्हटलं, "उकडून मरशील." तो म्हणाला, "हुकूम आहे." मी त्याच्या हातात फळांचा केक दिला. हॅकेटही आला होता, सायकल धरून जरा बाजूला उभा होता. म्हणे, इकडे काहीतरी काम होतं.

गाडीने शिटी दिली. मालाकी चढला, खिडकी खाली केली, आणि मला कळलं की हा काहीतरी विचारणार. महिनाभर त्याने हे पोटात ठेवलं होतं.

"डेलिया, तू मागेच होतीस," तो म्हणाला. "ओरडत होतीस, ते ऐकू आलं मला. मी नंतर विचारलं नाही. खरं सांग, चेंडू आत होता का?"

ह्या जन्मात मी त्याला एकदाही खोटं सांगितलं नव्हतं. त्याच्याशी खोटं बोलणं म्हणजे आंधळ्याच्या ताटातलं काढून घेणं. तो विचारणार, आणि मी सांगेन ते तसंच खरं धरून चालणार, काँगोपर्यंत आणि पुढेही. गाल बसले होते त्याचे.

"छे," मी म्हणाले. "कुठला आत? रेषेवरच अडवला त्याने."

"मग तू ओरडत काय होतीस?"

"बहीण आहे मी तुझी. मी काय डनरोवसाठी ओरडणार?"

तो माझ्याकडे बघत राहिला. मग त्याचे खांदे खाली आले आणि महिन्याभरात पहिल्यांदा तो हसला.

"बरं झालं विचारलं," तो म्हणाला. "मला वाटत होतं, माझ्यापायी गावाचं गेलं."

"तुझ्यापायी काही जात नाही. पत्र लिही. आणि तो कोट काढत जा रे दुपारचा!"

गाडी वळणाआड जाईपर्यंत मी हात हलवला. मग मी तिथेच उभी राहिले. मागे सायकलची साखळी वाजली. हॅकेट येऊन शेजारी उभा राहिला. त्याने सगळं ऐकलं होतं, आणि सामन्याच्या दिवशी तो माझ्या खांद्याला खांदा लावून गोलच्या मागे उभा होता.

"काय बघताय?" मी डोळे पुसत म्हणाले. "लिहा जाऊन तुमच्या वहीत. डेलिया टूही खोटं बोलली. वेळ लिहा, स्टेशन लिहा."

हॅकेटने टोपी काढली आणि रिकाम्या रुळांकडे बघितलं.

"त्या दिवशी माझ्या डोळ्यात ऊन होतं, मिस टूही," तो म्हणाला. "मला तर काहीच दिसलं नाही."

त्या दिवशी सकाळपासून ढग होते.